पडद्याकडे पाठ

कोजागरीच्या तोंडावर सोलापूर-तुळजापूर रस्ता गाड्यांना बंद होतो आणि पायांना मोकळा होतो. संध्याकाळी सोलापुरातून निघालेली माणसं उळे मागे टाकतात, जिल्हा बदलतो आणि रात्री कधीतरी तामलवाडी येते. एरवी या गावाचं नाव काढलं की गाडीवाल्यांना टोलनाकाच आठवतो. त्या रात्री मात्र नाक्याच्या मार्गिकांमधून अनवाणी माणसं चाललेली असतात. कुणाच्या हातात पोत, कुणाच्या डोक्यावर परडी, कुणाच्या कडेवर पेंगलेलं लेकरू. आपसांत बोलणं तेलुगूत, कन्नडमध्ये, मराठीत. उदोकार मात्र एकच. दसऱ्याला सीमोल्लंघन करून मंचकी निद्रेला गेलेली आई पौर्णिमेला उठून सिंहासनावर बसणार, तेव्हा आपण तिच्या पुढ्यात असलं पाहिजे, एवढाच सगळ्यांचा हिशेब. सगळी तोंडं एकाच दिशेला.

त्या गर्दीत एक पोरगा उलटा चालत होता. तुळजापूरकडे पाठ, चालणाऱ्यांकडे तोंड आणि हातात कॅमेरा. त्याच्या कमरेच्या पट्ट्याला धरून दुसरा पोरगा त्याला मागे ओढत नेत होता. खड्डा आला की पट्टा डावीकडे हिसडायचा, माणूस आडवा आला की उजवीकडे. दहा-पंधरा पावलं गेल्यावर दोघं थांबले. चालणारे त्यांना वळसा घालून पुढे गेले. कॅमेऱ्यात बघणारे पहिले चार-सहा जण गेले की मागून येणाऱ्यांचं लक्षही नसायचं. ते आपल्या दुखऱ्या पायांशी बोलत, उसाचा तुकडा चघळत, पोराला दटावत निघून जायचे. कॅमेरेवाला नेमकी त्यांचीच वाट पाहत होता.

सगळे जिकडे बघतात तिकडे पाठ करायची आणि बघणाऱ्यांकडे बघायचं. ऐकायला सोपं वाटतं. पण हेच काम जन्मभर करणारी माणसं असतात, आणि त्यातल्या एकाची कारकीर्द महाराष्ट्रातल्या जत्रांमध्ये, तंबूत, अंधारात सुरू झाली. त्याचं नाव अमित मधेशिया. शर्ली अब्राहम या सहकारी दिग्दर्शिकेबरोबर त्यानं केलेला 'द सिनेमा ट्रॅव्हलर्स' हा माहितीपट २०१६ साली कान महोत्सवात दाखवला गेला आणि तिथल्या माहितीपटांच्या 'लॉय दॉर' पुरस्काराच्या परीक्षकांनी त्याचा खास गौरव केला. माहितीपट आपल्याच टुरिंग टॉकीजवर होता. आपल्याकडे त्याची चर्चा व्हायला हवी होती तेवढी झाली नाही.

*

आधी माझ्या तंबूबद्दल सांगतो, कारण त्याशिवाय मी या माणसांबद्दल का लिहितोय ते कळणार नाही.

आमच्या भागात सुगी उरकली की जत्रा सुरू होतात त्या पावसाच्या तोंडापर्यंत. संक्रांतीला सोलापूरचा गड्डा, चैत्री पौर्णिमेला येरमाळ्याची येडेश्वरी, आणि मधल्या काळात गावोगावचे खंडोबा, म्हसोबा, पीर. जत्रा म्हणजे पाळणे, भेळ, बांगड्या, कुस्त्यांचा फड आणि थोडं बाजूला, गावाबाहेरच्या मोकळ्या रानात, टुरिंग टॉकीजचा तंबू. मी पहिला सिनेमा तंबूत पाहिला तो पडद्याच्या मागच्या बाजूनं. मधोमध पडदा, इकडे तिकीटवाले आणि तिकडे उशिरा आलेले आणि आमच्यासारखी पोरं. तिकडून सिनेमा उलटा दिसतो. नायक डावखुरा, पाट्या उलट्या, आणि कुंकू लावणारी आई डाव्या हातानं कुंकू लावते म्हणून आमच्यातल्या एकीनं नाक मुरडलेलं मला अजून आठवतं. त्याच जत्रेत दुसऱ्या खेळाला रिळं मागेपुढे झाली. नायिका आधी मेली आणि मग तिचं लग्न लागलं. कुणी तक्रार केली नाही. लग्नाला टाळ्या नेहमीपेक्षा जरा जास्तच पडल्या.

मात्र पडद्यामागे बसल्याचा एक फायदा असतो. कापड पातळ असलं की त्यातून पलीकडचे लोक अंधुक दिसतात. शेकडो चेहरे, सगळे आपल्याकडे तोंड करून बसलेले, कधी उजळणारे, कधी विझणारे. सिनेमाचं नाव मी विसरलो, ते चेहरे विसरलो नाही. पुढे बऱ्याच वर्षांनी अमित मधेशियाचे फोटो समोर आले तेव्हा मी खुर्चीतून उठलो होतो.

*

ते फोटो तंबूतल्या रात्रीच्या खेळांचे होते. पडदा कुठेच नाही. आहेत ती फक्त माणसं: फेटेवाला म्हातारा, टकमक बघणारी पोरं, तोंडावर पदर घेतलेली बाई. प्रत्येकाच्या चेहऱ्यावर उजेड आहे आणि तो उजेड सिनेमाचा आहे. याच मालिकेला २०११ सालच्या वर्ल्ड प्रेस फोटो स्पर्धेत कला आणि मनोरंजन विभागातला चित्रमालिकेचा पहिला पुरस्कार मिळाला.

असा फोटो काढणं म्हणजे काय, ते एकदा अंधाऱ्या मांडवात उभं राहून करून बघावं. दिवा लावायचा नाही, फ्लॅश मारायचा नाही. मारला तर पाचशे माणसं शिव्या घालतील आणि ज्यासाठी आलो ते मोडेल. प्रकाश फक्त पडद्यावरून परत फिरलेला. तोही स्थिर नाही. पडद्यावर उन्हातलं गाणं लागलं की तंबू उजळतो, खलनायकाचा अड्डा आला की सगळं काळं. म्हणजे छायाचित्रकाराला सिनेमा न बघता सिनेमा पाठ असावा लागतो. पुढचं गाणं कधी येतंय, मारामारी दिवसा आहे की रात्री, हे त्याला मागे न वळता आवाजावरून कळायला हवं. शटर जास्त वेळ उघडं ठेवावं तर हलणाऱ्या माणसाचा चेहरा पुसट येतो. वाचवणारी गोष्ट एकच: सिनेमात पुरतं बुडालेलं माणूस हलत नाही. फोटो नितळ आला याचा अर्थच तो माणूस त्या क्षणी तंबूत नव्हता.

दिल्लीच्या जामिया मिलिया इस्लामियामधून बाहेर पडलेल्या मधेशिया आणि अब्राहम या दोघांनी २००८ च्या सुमारास महाराष्ट्रातल्या फिरत्या सिनेमांचा माग काढायला सुरुवात केली. बेंगळुरूच्या इंडिया फाउंडेशन फॉर द आर्ट्सचं संशोधनासाठीचं अनुदान गाठीशी होतं. आधी अभ्यास, मग छायाचित्रं, मग चलच्चित्रं, हा क्रम मला महत्त्वाचा वाटतो. पुष्कळ लोक कॅमेरा आधी विकत घेतात आणि विषय मागाहून शोधतात. इथं माणूस आधी तंबूत जाऊन बसला. प्रत्यक्ष चित्रीकरण पुढे पाच वर्षं चाललं. सुरुवात करून पडद्यावर यायला आठ वर्षं. शेतकऱ्याच्या भाषेत सांगायचं तर आंब्याची कोय लावून मोहर येईपर्यंतचा काळ.

*

या प्रकारच्या माहितीपटाला मराठीत 'निरीक्षणात्मक' म्हणतात. शब्द शाळा तपासनिसाच्या शेऱ्यासारखा वाटतो. मी 'बघ्याचा सिनेमा' म्हणतो. अपघात झाला की जमणाऱ्या बघ्यांमुळे हा शब्द आपण बदनाम करून ठेवला आहे, पण बघ्याचे गुण नीट पाहा: तो मध्ये पडत नाही, प्रश्न विचारत नाही, हलत नाही आणि सगळं झाल्याशिवाय घरी जात नाही. निवेदन नाही, मुलाखतीची खुर्ची नाही, माणसाला 'पुन्हा एकदा दारातून आत या' म्हणणं नाही. कॅमेरा असतो, आणि तो आहे हे लोक विसरेपर्यंत असतो. इंग्रजीत अशा कॅमेऱ्याला भिंतीवरच्या माशीची उपमा देतात. आपल्याकडे भिंतीवर पाल असते आणि ती चुकचुकते. मला ही जास्त प्रामाणिक उपमा वाटते. कारण कॅमेरा खोलीत आहे म्हटल्यावर तो काही ना काही चुकचुकणारच. निवड करणार, कापणार, एक बाजू धरणार. चांगला बघ्या ते लपवत नाही.

तंत्रानं हे शक्य झालं ते १९६० च्या आसपास. खांद्यावर मावणारा कॅमेरा आणि त्याच्याशी जुळवून आवाज टिपणारं हलकं यंत्र आलं. अमेरिकेत रॉबर्ट ड्रू आणि त्याच्या साथीदारांनी १९६० साली 'प्रायमरी'त निवडणुकीतल्या उमेदवारांच्या मागे मागे कॅमेरा फिरवला; फ्रान्समध्ये झां रूशनं त्याच सुमारास पॅरिसच्या लोकांना रस्त्यावर बोलतं केलं. आपल्याकडे तेव्हा १९४८ साली स्थापन झालेल्या फिल्म्स डिव्हिजनचा काळ होता. सिनेमागृहात मुख्य चित्रपटाच्या आधी तिचे लघुपट दाखवणं सक्तीचं होतं, आणि त्यातला तो भारदस्त निवेदक आपल्याला धरणापासून देवीच्या लशीपर्यंत सगळं समजावून सांगायचा. लोक त्या वेळेत शेंगदाणे आणायला बाहेर जात. मी फिल्म्स डिव्हिजनला सरसकट नावं ठेवणार नाही. एस. सुखदेव, प्रमोद पती, एस. एन. एस. शास्त्री यांच्यासारखी माणसं तिथंच नियम वाकवून काम करत होती. पण सर्वसाधारण सवय मात्र ऐकवण्याची होती, बघण्याची नव्हती.

गंमत अशी की आपल्या सिनेमाची सुरुवात मुळात बघ्यानंच केली. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा. जन्म १८६८, मुंबईतले छायाचित्रकार. १८९६ च्या जुलैत वॉटसन हॉटेलात ल्युमिएर बंधूंच्या चित्रफिती दाखवल्या गेल्या. सावेदादांनी इंग्लंडमधल्या ब्रॅडफर्डच्या रायली ब्रदर्सकडून एकवीस गिनी मोजून कॅमेरा मागवला. १८९९ साली हँगिंग गार्डनमध्ये पुंडलिकदादा आणि कृष्णा न्हावी यांच्यात कुस्ती लावली आणि ती टिपली. फीत धुऊन घ्यायला विलायतेला पाठवावी लागली. मग एका माकडवाल्याचा खेळ. मग डिसेंबर १९०१ मध्ये केंब्रिजहून रँग्लर होऊन आलेल्या रघुनाथराव परांजप्यांचं मुंबईतलं स्वागत. आपल्या देशातला पहिला वार्तापट म्हणून त्याचं नाव घेतात. १९०३ चा दिल्ली दरबारही त्यांनी टिपला. फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' यायला अजून दहा वर्षं होती. देव, राजे, चमत्कार पडद्यावर येण्याआधी तिथं दोन पैलवान, एक माकड आणि एक गणिताचा प्राध्यापक येऊन गेले होते. मला या क्रमाचा उगाच अभिमान वाटतो.

*

'द सिनेमा ट्रॅव्हलर्स'मध्ये तीन माणसं आहेत. मोहम्मद आणि बापू हे फिरत्या सिनेमाचे चालक, आणि प्रकाश हे प्रोजेक्टर दुरुस्त करणारे. पहिले दोघे आपापले ट्रक घेऊन जत्रेमागून जत्रा करतात. टुरिंग टॉकीजचा ट्रक म्हणजे प्रोजेक्टरची खोलीच असते. ट्रक तंबूच्या तोंडाशी लावायचा, मागून प्रकाशाचा झोत आत सोडायचा. कार्बनच्या दोन कांड्यांमध्ये ठिणगी पेटवून तो उजेड करायचा, आणि कांडी जळेल तशी हातानं सरकवत राहायची. एक रीळ संपायच्या आत दुसऱ्या यंत्रावर पुढचं तयार ठेवायचं.

पस्तीस मिलिमीटरच्या फितीत एका फुटात सोळा चौकटी बसतात आणि सेकंदाला चोवीस चौकटी पुढे सरकतात. म्हणजे मिनिटाला नव्वद फूट. अडीच तासांचा सिनेमा साडेतेरा हजार फूट होतो. तामलवाडीच्या नाक्यावरून ती फीत तुळजापूरच्या दिशेनं उलगडत नेली तर चार किलोमीटरच्या पुढे जाईल. एवढी लांबी रोज रात्री दोनदा-तीनदा त्या दातेरी चाकांवरून जायची, वर धूळ, खाली डिझेलचं जनरेटर. तुटली की चिकटवायची. चिकटवताना दोन-चार चौकटी जायच्या. हंगामाच्या शेवटी सिनेमा सुरुवातीपेक्षा थोडा आखूड झालेला असायचा.

हे सगळं माहीत असलेला माणूस म्हणजे प्रकाश. चाळीसेक वर्षं दुसऱ्यांची यंत्रं दुरुस्त करता करता त्यांनी स्वतःचा प्रोजेक्टर बनवला. त्याची चाकं तेलात बुडालेली असतात, म्हणजे रोज तेल घालायची कटकट नाही. कल्पना उत्तम, यंत्र उत्तम. पण ते उभं राहिलं तेव्हा घेणारं गिऱ्हाईकच उरलं नव्हतं. फीत संपत आली होती. मला या माहितीपटातला सर्वांत मोठा माणूस तोच वाटतो. कॅमेरा त्याच्या हातांवर थांबतो. स्वतः बनवलेल्या यंत्राचं झाकण माणूस कसं काढतो आणि दुसऱ्याच्या यंत्राचं कसं, यातला फरक सांगायला निवेदक लागत नाही. तो दिसतो. पण तो दिसण्यासाठी कॅमेरा त्या कारखान्यात किती दिवस नुसता बसला असेल याचा विचार करा.

मोहम्मद डिजिटलकडे वळतो. आता फितीच्या जागी कुलूपबंद फाइल, आणि कुलपाची किल्ली दूर शहरातल्या संगणकाकडे. रानातल्या तंबूत रेंज नसेल तर खेळ नाही. तुटलेली फीत चिकटवता येत होती. चुकलेला पासवर्ड चिकटवता येत नाही. पब्लिकला यातलं काही सांगून उपयोग नसतो. ती शिट्ट्या मारते. मी यावर आणखी लिहिणार नाही, कारण फीत चांगली की फाइल, हा वाद आता जुन्या मोटारींच्या हौशी लोकांचा झाला आहे. या माहितीपटाचं मोल जुन्याच्या आठवणीत नाहीच. ज्या पाच वर्षांत हे बदललं त्याच पाच वर्षांत कॅमेरा तिथं होता, यात ते आहे. आधी येऊन गेला असता तर जत्रेचा एक रंगीत लघुपट झाला असता. नंतर आला असता तर मुलाखती घ्याव्या लागल्या असत्या.

माझ्या दोन तक्रारी आहेत. एक, सगळं फार देखणं दिसतं. छायाचित्रकाराचा डोळा इतका तयार आहे की गंजसुद्धा सोन्यासारखा चमकतो, आणि धंदा बुडणाऱ्या माणसाचं कर्ज त्या सोन्यात झाकलं जातं. मला हिशेबाची वही जास्त बघायची होती. दुसरी, तिन्ही मुख्य माणसं पुरुष. बायका येतात त्या बहुतेक प्रेक्षक म्हणून, अंधारात. तंबूचा धंदा करणाऱ्याच्या घरी आठ महिने नवरा नसतो, तिथं काय चालतं? बघ्या कितीही चांगला असला तरी त्याला प्रत्येक घरात प्रवेश मिळत नाही, हे मला कळतं. तरी तक्रार नोंदवून ठेवतो.

पुढे ६४व्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत माहितीपटाला परीक्षकांचा विशेष पुरस्कार मिळाला. टोरांटो आणि न्यूयॉर्कचे महोत्सव झाले. त्यानंतर दोघांनी लहान लांबीची कामं केली: लुप्त सरस्वती नदीच्या शोधावरचं 'सर्चिंग फॉर सरस्वती' २०१८ मध्ये, आणि जमावानं मारलेल्या रकबर खानच्या कुटुंबाकडे पाहणारं 'द अवर ऑफ लिंचिंग' २०१९ मध्ये. विषय तंबूपासून फार लांब गेलेले दिसतात. पण पद्धत बघा. गर्दी एका दिशेला तोंड करून उभी आहे, आणि कॅमेरा गर्दीकडे, किंवा गर्दी निघून गेल्यावर मागे राहिलेल्या घराकडे.

*

मागे राहिलेलं घर. आमच्या जिल्ह्याला हे नीट माहीत आहे. ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे चारच्या सुमारास भूकंप झाला, आणि लातूर-उस्मानाबादच्या सीमेवरची किल्लारी, सास्तूर अशी गावं जगाच्या नकाशावर आली. हजारो माणसं गेली. आदल्या रात्री गणपती विसर्जन झालं होतं. दिवस उजाडून वर येईतो कॅमेरे यायला लागले, आणि मग जगभरातून येत राहिले. ढिगारे, हेलिकॉप्टर, पुढारी, ब्लँकेटं. काही आठवड्यांनी ते गेले. पत्र्याच्या शेडमधली पहिली थंडी, नव्या गावठाणात चुकलेली वाट, शेजार बदलल्यामुळे तुटलेला उसनवारीचा व्यवहार, हे सगळं त्यानंतर घडलं. बातमीचा कॅमेरा घटनेसाठी येतो. बघ्याचा कॅमेरा घटना संपल्यावर कामाला लागतो, आणि त्याला पैसे द्यायला तोवर कुणी उरलेलं नसतं.

पैशाचा प्रश्न इथं खरा आहे. आनंद पटवर्धनांना 'जय भीम कॉम्रेड' करायला चौदा वर्षं लागली. १९९७ च्या जुलैत घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात पोलिसांच्या गोळीबारात दहा माणसं मेली, शाहीर विलास घोगरेंनी जीव दिला, तिथून धागा धरून २०११ पर्यंत. पटवर्धन शुद्ध बघे नव्हेत. ते कॅमेऱ्यामागून प्रश्न विचारतात, वाद घालतात, आणि ते लपवत नाहीत. पण कॅमेरा बहुधा स्वतःच धरतात, आणि चौदा वर्षं धरून ठेवतात. अलीकडे सर्वनिक कौर यांचा 'अगेन्स्ट द टाइड' आला. मुंबईतल्या राकेश आणि गणेश या दोन कोळी मित्रांचा. एक बापजाद्यांच्या पद्धतीनं मासे धरणारा, दुसरा कर्ज काढून खोल समुद्रात जाणारा. २०२३ मध्ये सनडान्स महोत्सवात त्याला परीक्षकांचा विशेष पुरस्कार मिळाला तो नेमक्या याच जवळून, न बोलता बघण्याच्या शैलीसाठी. अशा कामाला परदेशी निधी, शिष्यवृत्त्या, महोत्सवांची मदत जोडत जोडत जावं लागतं. मराठी वाहिन्यांवर त्याला जागा नाही. चित्रपटगृहात आठवडाभराचाही खेळ मुश्कील. मराठी माणसावरचा सिनेमा मराठी माणसाआधी कानमधल्या माणसानं पाहिला, याला कानचा माणूस जबाबदार नाही.

*

मग आमच्याकडे हे काम कोण करतं?

तो उलटा चालणारा पोरगा. नाक्याच्या पुढे चहा घेताना कळलं की तो लग्नाच्या शूटिंगचं काम करतो. चालणाऱ्यांचं चित्रण ऑर्डरचं नव्हतं, हौसेचं होतं. पट्टा धरणारा त्याचा चुलतभाऊ.

आपल्याकडे व्हिडिओ शूटिंगवाल्याला कुणी कलावंत म्हणत नाही. त्याच्याकडून अपेक्षा एवढीच की प्रत्येक पाहुणा आला पाहिजे आणि नवरी गोरी दिसली पाहिजे. पण १९९० च्या दशकापासून आमच्या तालुक्यातल्या घराघरांत जे चित्रित झालं, ते याच माणसांनी केलं. लग्नाच्या त्या तीन तासांच्या कॅसेटी कुणी पुन्हा बघत नाही, आणि बघितल्या तर लोक फक्त स्वतःला शोधतात. मी मध्यंतरी एका नातेवाइकाची अशी कॅसेट बसून संपूर्ण पाहिली. स्टेज सोडून बघितलं. मागे मांडवात पंगत बसली होती, बुंदीची पातेली दोघं काठीला अडकवून आणत होते, भिंतीवर कुठल्याशा निवडणुकीचं चिन्ह होतं, विहिरीवर मोट नव्हती पण अजून इंजिन होतं, एक म्हातारी कॅमेऱ्याकडे न बघता, कुणाकडेच न बघता, पदराच्या टोकाला सुपारी बांधत होती. ती आता नाही. पंगतही नाही; बुफे आहे. शूटिंगवाल्याला बहुतेक बॅटरी बदलायची होती आणि कॅमेरा चुकून तिच्याकडे चालू राहिला. त्या चाळीस सेकंदांसाठी मी त्याला कोणताही पुरस्कार देईन.

हल्ली ड्रोन आलाय. ड्रोनमधून मांडव दिसतो, म्हातारी दिसत नाही. प्री-वेडिंगही आलंय, त्यात कुणाला उलटं चालावं लागत नाही, कारण नवरा-नवरीच सांगितल्याप्रमाणे पुन्हा पुन्हा चालून दाखवतात.

तेव्हा वाचकांना एक विनंती. दिवाळीची साफसफाई झाली असेल, माळ्यावरच्या जुन्या कॅसेटी खाली आल्या असतील, भंगारवाला दारात असेल. त्या देऊ नका. फितीला दमट हवेत बुरशी येते, चुंबकीय थर सुटतो. प्लेअर चालू असलेलं एखादं दुकान अजून तुमच्या शहरात असेल, तिथं जाऊन त्या उतरवून घ्या. घरात टुरिंग टॉकीजचं तिकीट, जाहिरातीचा कागद, तंबूचा एखादा फोटो सापडला तर मागे गाव आणि साल लिहून ठेवा. आणि उतरवलेलं बघायला बसाल तेव्हा स्टेजकडे पाठ करून बघा.

सावेदादा १९५८ साली गेले. त्यांनी काढलेल्या चित्रफितींपैकी एकही आज शिल्लक नाही.